अंगावर काढलेलं दुखणं



घरात आई तापाने फणफणलेली असते. विचारलं तर म्हणते, "मला कुठे काय झालंय?" थर्मामीटर लावला की पारा १०२ वर. याला आपण 'दुखणं अंगावर काढणं' म्हणतो. आरोग्याच्या संशोधनातला एक मोठा पेच या शब्दांत आहे. शरीराबद्दल कुणाचं खरं मानायचं, थर्मामीटरचं की आईचं? शास्त्राच्या भाषेत, वस्तुनिष्ठ मापन की व्यक्तिनिष्ठ?

१९४४ साली, बंगालच्या दुष्काळानंतर, कोलकात्याजवळच्या सिंगूरमध्ये एक आरोग्य-पाहणी झाली. विधुरांपैकी ४८.५ टक्के म्हणाले, आम्ही आजारी आहोत किंवा तब्येत यथातथाच आहे. असं म्हणणाऱ्या विधवा किती? अवघ्या २.५ टक्के. अर्थतज्ज्ञ अमर्त्य सेन यांनी या आकड्यांकडे पुढे जगाचं लक्ष वेधलं. त्यातला एक तपशील मला फार अस्वस्थ करतो. आजार डॉक्टरलाही ओळखता येतो. 'यथातथा' हे मात्र ज्याचं त्यानेच सांगायचं. आणि 'यथातथा' म्हणणारी एकही विधवा त्या पाहणीत नव्हती! तक्रार करायला आधी वाटावं लागतं, की याहून बरं असणं हा आपला हक्क आहे.

सेन यांनी केरळ आणि बिहारचीही तुलना केली. आयुर्मान केरळचं जास्त आणि आजाराच्या तक्रारीही केरळातच जास्त. शिक्षण आणि दवाखाना जवळ आला, की दुखण्याला नाव मिळतं.

मग माणसाचं बोलणं बाजूला ठेवून यंत्रावरच विसंबायचं का? तसं केलं तर आपण फसू. एलेन आयडलर आणि याएल बेन्यामिनी या संशोधकांनी १९९७ मध्ये २७ अभ्यासांचा आढावा घेतला. "एकंदर तब्येत कशी आहे?" या साध्या प्रश्नाच्या उत्तरावरून पुढच्या मृत्यूचा धोका कळतो, इतर वैद्यकीय माहिती हिशेबात धरूनही, असं जवळपास सगळ्या अभ्यासांत दिसलं. शिवाय यंत्रही चुकतं. कोविडच्या काळात घरोघरी आलेला ऑक्सिमीटर घ्या. रक्तातला ऑक्सिजन घटलेला असूनही तो ठीक दाखवण्याचं प्रमाण कृष्णवर्णीय रुग्णांत गोऱ्यांच्या जवळपास तिप्पट होतं, हे २०२० मध्ये अमेरिकेतल्या अभ्यासात आढळलं. आणि वेदना नेमकी मोजणारं यंत्र तर अजून कुणीच बनवलेलं नाही. तिथे ज्याचं जळतं त्यालाच कळतं.

म्हणून माझं आग्रहाचं सांगणं आहे, की दोन्ही मापं घ्या आणि शेजारी शेजारी मांडा. जिथे ती जुळत नाहीत, तिथे घाईने एकाला खोटं ठरवू नका, तिथेच थांबा. रिपोर्ट नॉर्मल असूनही कुणी कण्हत असेल, तर आपली तपासणी अपुरी असेल. रिपोर्ट वाईट असूनही एखादी गप्प असेल, तर त्या घरात तिचं ऐकणारं कुणी नसेल.

आज घरी गेल्यावर आईला "बरी आहेस ना?" असं विचारू नका. त्या प्रश्नातच 'हो' दडलेलं असतं. तिच्याजवळ बसा आणि विचारा, "किती दिवस अंगावर काढते आहेस?"