लोणंद : गाव आणि त्याचा कारभार
(महोत्सवाच्या सभेत दिलेले व्याख्यान)



आपल्या धर्मग्रामाचा इतिहास माझ्या आधीच्या वक्त्यांनी सविस्तर सांगितला. मी देवालयाच्या दाराबाहेरचा विषय निवडला आहे. ज्या गावात आपण राहतो, त्याचा कारभार कोण पाहतो आणि त्यात आपला वाटा किती, हा तो विषय होय. उदाहरण आपल्या सातारा जिल्ह्यातीलच, लोणंदचे घेतो.

लोणंद जिल्ह्याच्या उत्तर सीमेजवळ वसले आहे. भोरकडील डोंगरांतून येणारी नीरा जवळून पूर्वेस वाहते. तिच्या पलीकडे पुणे जिल्हा लागतो. पूर्वेच्या बाजूस १९४८ पर्यंत फलटण संस्थानचा मुलूख होता. सह्याद्रीच्या आडोशामुळे पाऊस तोकडा पडतो. तरीही येथला शेतकरी हळवा व गरवा कांदा पिकवितो, आणि लोणंदच्या कांदाबाजाराचे नाव दूरवर आहे. पुणे-मिरज लोहमार्गावरील स्थानकाने या बाजारास बळ दिले. २०१९ पासून येथून फलटणकडेही गाडी जाऊ लागली.

तालुका मात्र खंडाळा. (बोरघाटातले थंड हवेचे खंडाळे नव्हे, बाहेरगावचे पाहुणे येथे हमखास फसतात.) आगगाडी लोणंदला थांबते आणि तहसीलदार खंडाळ्यास बसतात. आमदार वाई मतदारसंघाचा. बाजार समिती आपल्या वेगळ्या कायद्याने चालते, स्थानकाची जमीन रेल्वेची, मोठा रस्ता महामार्गवाल्यांचा. एका गावाला इतके धनी! परंतु गटार तुंबले, नळ कोरडा पडला, म्हणजे यांपैकी एकाचेही दार ठोठावून भागत नाही. तेथे गावची संस्थाच लागते.

ही संस्था पूर्वी ग्रामपंचायत होती. १९५८ च्या कायद्याप्रमाणे गावचा प्रत्येक मतदार ग्रामसभेचा सभासद असतो. वर्षातून निदान चार वेळा ती भरावी लागते, आणि पंचायतीचा हिशेब तिच्यापुढे ठेवावा लागतो. मोलकरणीलाही उभे राहून सरपंचास जाब विचारण्याचा तेथे हक्क आहे. पुढे लोणंदची नगरपंचायत झाली व २०१६ साली तिची पहिली निवडणूक झाली. खेडे शहराकडे झुकू लागले म्हणजे त्याला असा कारभार द्यावा, अशी तरतूद १९९२ च्या ७४ व्या घटनादुरुस्तीने केली आहे. तिचा लाभ आहेच. शासनाचा मुख्याधिकारी येतो, शहरी योजनांचा पैसा येतो, बांधकामांस शिस्त लागते. पण ग्रामसभा गेली! आता सतरा प्रभागांचे सतरा नगरसेवक सभागृहात बसतात. ठरावावर मत द्यायचे ते त्यांनीच. गाव मोठे झाले आणि गावकऱ्याचा आवाज लहान झाला, असे मला वाटते. हा बदल होताना रस्ते व कर यांचीच चर्चा फार होते, या हक्काची फारशी होत नाही.

आषाढी वारीत ज्ञानेश्वर माउलींची पालखी नीरा ओलांडून सातारा जिल्ह्यात प्रवेश करते, तेव्हा तिचा पहिला मुक्काम लोणंदलाच असतो. लक्षावधी माणसे एका लहान गावात उतरतात. त्यांचे पाणी, शौचाची सोय, नंतरची झाडलोट या सर्व गोष्टींचा मोठा भार या छोट्या संस्थेवर पडतो. कारभार म्हणजे काय, हे तेथे मुक्कामाच्या दुसऱ्या दिवशी पाहावे.

परमगुरू अकरावे पायस यांनी १९३१ साली आपल्या ‘क्वाद्राजेझिमो आन्नो’ या परिपत्रकात म्हटले आहे की, जे काम लहान समाजसंस्था करू शकते, ते मोठ्या संस्थेने हिरावून घेऊ नये. हे सूत्र आम्ही सेमिनरीत पाठ केले. परीक्षेत त्यावर गुणही मिळविले. परंतु लहान संस्थेत माणसे गेलीच नाहीत, तर तिने करावे तरी काय?

येथे मला माझाच दोष सांगितला पाहिजे. एका बदलीनंतर मी मतदानास गेलो, तेव्हा यादीत माझे नाव नव्हते. नव्या पत्त्याचा अर्ज मीच केला नव्हता. आदल्या रविवारी मी वेदीवरून सर्वांस मतदानाचा उपदेश केला होता, आणि केंद्राबाहेरच्या रांगेत माझेच धर्मग्रामस्थ उभे होते!

म्हणून एवढेच सांगतो. नगरपंचायतीची यादी वेगळी तयार होत नाही; विधानसभेचीच यादी प्रभागवार फोडतात. त्या वेळी एकाच घरातील नवरा एका प्रभागात व बायको दुसऱ्या प्रभागात, असेही घडते. प्रारूप यादी लागल्यावर हरकतीस थोडेच दिवस मिळतात. ती यादी लागेल तेव्हा मिस्सानंतर आपण मिळून ती वाचू. चष्मा असलेल्यांनी तो बरोबर आणावा. अक्षर फार बारीक असते.