घोडा तीनशे शहाण्णवचा नाही

(मुलुंड येथील वसंत व्याख्यानमालेत दिलेले व्याख्यान)

मंडळी, समीकरण म्हणजे काय, हे आठवीत सगळ्यांचं झालंय, त्यात वेळ घालवत नाही. मला एकच सांगायचंय. 'पलीकडे गेलं की चिन्ह बदलतं' हे वाक्य वर्गातून हद्दपार झालं पाहिजे. सभागृहात बरेच शिक्षक दिसताहेत. रागावू नका, मीही वीस वर्षं हेच शिकवलंय आणि त्याचं मला वाईट वाटतं.

भास्कराचार्यांच्या बीजगणितातलं उदाहरण घ्या. एकाकडे ६ घोडे आणि ३०० रुपये. दुसऱ्याकडे १० घोडे, पण डोक्यावर १०० रुपये कर्ज. दोघांची मत्ता सारखी. तर घोडा केवढ्याचा? भास्कराचार्य अज्ञाताला 'या' म्हणतात, यावत्तावत्‌मधला. दोन्ही पक्ष ते एकाखाली एक मांडतात आणि कर्जाच्या आकड्यावर टिंब देतात. एकाखाली एक! मग पलीकडे जायचं कुठे? तिथे फक्त वजाबाकी आहे.

हेच गणित सोडवणाऱ्या एका मुलीची वही सांगतो. ४ क्ष = ४०० पर्यंत बरोबर आली, आणि पुढे लिहिलं, क्ष = ४०० − ४ = ३९६. (हशा) हसू नका हो. चार पलीकडे गेला, चिन्ह बदललं. आम्ही शिकवलं तेच तिने केलं. मी तिला घेऊन स्टेशनजवळच्या भाजीवाल्याकडे गेलो. त्याच्याकडे अजून दोन पारड्यांचा तराजू होता, हलक्या पारड्याला पासंग बांधलेला. दोन्ही पारड्यांत आधी सारखंच वजन ठेवलं, वर सारखे कांदे टाकले. 'आता इकडचे दोन कांदे काढ,' म्हटलं. दांडी कलली. मी काही बोलायच्या आत तिने दुसऱ्या पारड्यातलेही दोन काढले. तेवढ्यात गिऱ्हाईक आलं, भाजीवाला म्हणाला, 'मास्तर, बाजूला व्हा...' (हशा)

चिठ्ठी आली, पाच मिनिटं उरलीत. पाटणचा मठ राहिलाच. चाळीसगावजवळच्या त्या पाटणला भास्कराचार्यांच्या नातवाने, चांगदेवाने, आजोबांचे ग्रंथ शिकवण्यासाठी मठ काढला. १२०७ चा त्याचा शिलालेख आहे, तो भाऊ दाजी लाडांनी उजेडात आणला. सवडीने जाऊन या.

घोड्याकडे येतो. दोघांकडचे सहा-सहा घोडे काढा: इकडे उरले ३००, तिकडे ४ घोडे आणि कर्ज १००. दोघांना शंभर-शंभर द्या: इकडे ४००, तिकडे नुसते ४ घोडे. दोन्हींचे चार-चार वाटे करा. घोडा १०० चा. ताळा करा: ६०० आणि ३००, नऊशे, हजारातून शंभर गेले, नऊशे. ३९६ घालून पाहा, एकाचे २६७६ होतात आणि दुसऱ्याचे ३८६०.

पालकांना हात जोडून विनंती आहे. आज घरी गेल्यावर मुलाला उत्तर बरोबर आलं का, हे विचारू नका. 'दोन्हीकडे काय केलंस?' एवढंच विचारा.