नकाराचे कारण लेखी द्या
(जबलपूरच्या गढ़ा भागातील कार्यकर्त्यांच्या सभेत केलेले भाषण)



धंद्याच्या परवान्याचा प्रश्न हा व्यापाऱ्यांचा प्रश्न. श्रमिकांच्या पक्षाला त्याच्याशी काय कर्तव्य, असा आक्षेप आजचा विषय कळताच एका ज्येष्ठ कॉम्रेडनी घेतला. आक्षेप अगदीच निरर्थक नाही. परंतु गढ़्याच्या बाजारात टोपली घेऊन बसणारी भाजीवाली किंवा कामावरून कमी झाल्यावर चहाची टपरी टाकणारा कामगार यांना व्यापारी म्हणावयाचे असेल, तर त्या शब्दाचा अर्थच बदलावा लागेल. मोठ्या भांडवलदाराला परवाना नाकारला तर त्याचा वकील याच शहरातील उच्च न्यायालयात उभा राहतो. भाजीवालीला मिळणारा नकार मात्र बहुधा तोंडीच असतो.

काही वर्षांपूर्वी एका शेजाऱ्याबरोबर मी एका कचेरीत गेलो होतो. त्याच्या अर्जावर एकच शिक्का होता : ‘निरस्त’. भाषांतर हे माझे रोजचे काम. मराठीत मी ‘नामंजूर’ असे लिहून मोकळा झालो असतो. पण का नामंजूर, हे कोणत्याच भाषेत लिहिलेले नव्हते. बाबूंना विचारले, तर उत्तर मिळाले, ‘साहब की मर्ज़ी.’

ही मर्जी कायद्याला मान्य नाही, हे १९५४ सालीच ठरलेले आहे. उत्तर प्रदेशाच्या १९५३ च्या कोळसा नियंत्रण आदेशाने परवाना देण्याचा वा नाकारण्याचा जवळजवळ निरंकुश अधिकार अधिकाऱ्याला दिला होता. अधिकाऱ्याने कारणे नोंदवावयाची आहेत, मग तक्रार कसली, असा सरकारचा बचाव होता. द्वारकाप्रसाद लक्ष्मीनारायण खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने तो नाकारला. ती कारणे तपासणारा वरिष्ठ कोणी नसेल, तर ती अधिकाऱ्याच्या स्वतःच्या समाधानापुरतीच राहतात, असे न्यायालयाने म्हटले आणि ते कलम रद्द केले. म्हणजे कारण हवे, आणि त्या कारणाविरुद्ध दाद मागण्याची जागाही हवी.

दुसरे प्रकरण मुंबईचे आहे. १९८१ साली पदपथांवरील झोपड्या हटवण्याची मोहीम निघाली आणि ओल्गा टेलिस प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेले. नोटीस न देताही अतिक्रमण काढण्याची मुभा महापालिका कायद्याच्या कलम ३१४ मध्ये होती. या लोकांपाशी सांगण्यासारखे आहे तरी काय, मग नोटीस कशाला, असा युक्तिवाद झाला. १० जुलै १९८५ च्या निकालात सरन्यायाधीश य. वि. चंद्रचूड यांनी तो फेटाळला : माणसाचे ऐकून घेणे हा नियम, न ऐकणे हा अपवाद. परंतु कॉम्रेड्स, पुढचेही सांगितले पाहिजे. झोपड्या हटवण्याचा अधिकार न्यायालयाने कायमच ठेवला. पालिकेला फक्त ३१ ऑक्टोबरपर्यंत थांबावयास सांगितले. तत्त्व गरिबांच्या पदरात पडले, पदपथ पडला नाही. सुनावणी म्हणजे भाकरी नव्हे, हे आपण विसरू नये. आणि सुनावणीवाचून भाकरी हिसकावणे किती सोपे होते, हेही विसरू नये.

फेरीवाल्यांसाठी २०१४ साली झालेला कायदा हा रस्त्यावरच्या लांब लढ्याचे फळ आहे. विक्री प्रमाणपत्राबाबत नगर विक्री समितीचा निर्णय जाचक वाटला, तर स्थानिक संस्थेकडे अपील करता येते, आणि अपील करणाऱ्याचे म्हणणे ऐकल्याशिवाय ते निकालात काढता येत नाही. प्रमाणपत्र रद्द करण्यापूर्वीही सुनावणी बंधनकारक आहे. समितीत किमान ४० टक्के प्रतिनिधी फेरीवाल्यांनी निवडलेले असले पाहिजेत, त्यांत एकतृतीयांश स्त्रिया. ही निवडणूक आपण किती गंभीरपणे घेतो, हे ज्याने त्याने स्वतःला विचारावे.

माहितीच्या अधिकाराच्या २००५ च्या कायद्याकडे तर आपले लक्षच जात नाही. त्याच्या कलम ४ मध्येच म्हटले आहे की, प्रशासकीय निर्णयाची झळ ज्यांना पोचते त्यांना निर्णयाची कारणे दिली पाहिजेत. तेव्हा अर्ज देताना पोच घ्या. ‘नहीं होगा’ हे उत्तर ऐकून परत फिरू नका. तेच तारखेसह कागदावर मागा. अपिलाची मुदत किती, तेही तेथेच विचारा, कारण कित्येक प्रकरणे मुदत टळल्यामुळेच बुडतात.

ज्यांचे अर्ज असे परत आले आहेत, त्यांनी सभेनंतर कागद घेऊन थांबावे. अपिलाचा हिंदी मसुदा तयार आहे. ज्यांना तो मराठीत समजून घ्यावयाचा असेल, त्यांच्यासाठी मी येथेच बसलो आहे.