रानातून आलेला आवाज



पेडण्याहून उत्तरेकडे सावंतवाडी ओलांडली की पुढे आंबोलीचा घाट लागतो. आज तो पावसाळी सहलींसाठी प्रसिद्ध आहे. परंतु १९५५ च्या अखेरीस याच घाटातील अरण्यात एका मालमोटारीत नभोवाणी केंद्र उभे राहिले होते, आणि तेथील निवेदिका होत्या लिबिया लोबो.

त्या वर्षी १५ ऑगस्टला पत्रादेवीच्या सीमेवर नि:शस्त्र सत्याग्रहींवर पोर्तुगीजांनी गोळ्या झाडल्या. पाठोपाठ भारत सरकारने सीमा बंद केल्या. पेडणे-डिचोलीच्या माणसांची सोयरीक आणि बाजारहाट पलीकडच्या मुलखाशी बांधलेली, ती तुटली. आत वृत्तपत्रांना सेन्सॉरची कात्री, नभोवाणीही पणजीच्या सरकारची. नाकेबंदी ओलांडून घरात शिरू शकेल असा केवळ ध्वनीच उरला होता.

१९२४ साली जन्मलेल्या लिबियाबाईंचे शिक्षण मुंबईत झाले. महायुद्धकाळात त्यांनी सेन्सॉर कचेरीत इटालियन युद्धकैद्यांच्या पत्रांची भाषांतरे केली. पुढे आकाशवाणीतही नोकरी केली. जिने इतरांची पत्रे तपासली, तिनेच पुढे एका सेन्सॉरशाहीला भगदाड पाडावे, हा योग विलक्षण खराच! दादरा-नगर हवेलीतून पळताना पोर्तुगीज अधिकाऱ्यांनी मागे टाकलेल्या दोन बिनतारी संचांतून प्रक्षेपक सिद्ध झाला, आणि २५ नोव्हेंबर १९५५ रोजी ‘गोंयचे सोडवणेचो आवाज’ प्रथम उमटला. आल्बुकेर्कने १५१० मध्ये गोवा जिंकला तो हाच दिवस. सहकारी वामन सरदेसाई यांच्यासह लिबियाबाई रोज मजकूर लिहीत आणि वाचीत.

प्रसारण कोंकणी व पोर्तुगीज भाषांतून होई. मराठी वाचणाऱ्या आपल्या तालुक्यांनाही ते परके वाटण्याचे कारण नव्हते. घरची बोली ती हीच. पोर्तुगीज भाषेची योजना अधिक मार्मिक म्हटली पाहिजे. सत्ताधाऱ्यांच्या असत्याला सत्ताधाऱ्यांच्याच भाषेत, त्यांच्या शिपायांच्याही कानी पडेल असे उत्तर त्यातून दिले जाई. अंगोला-मोझांबिकच्या लढ्यांच्या वार्ताही त्यात असत. निवेदकांची नावे मात्र गुप्त. वृत्तनिवेदकाला लाभणारी कीर्ती या बाईंना सहा वर्षे वर्ज्य होती; पुढे कॅसलरॉकच्या रानात मुक्काम हलला तरी हा अज्ञातवास सरला नाही.

१९ डिसेंबर १९६१ रोजी पोर्तुगीज गव्हर्नर जनरलने शरणागती पत्करली. लिबियाबाई आणि वामनराव भारतीय हवाई दलाच्या विमानात बसले, आणि पणजीवर घिरट्या घालीत ध्वनिक्षेपकावरून त्यांनी मुक्तीची वार्ता दिली; पत्रकेही टाकली. रानात दडून बोलणारा आवाज त्या दिवशी उघड्या आभाळातून बोलला.

नंतर दोघांचा विवाह झाला. लिबियाबाई गोव्याच्या पर्यटन खात्याच्या संचालक झाल्या, वामनराव अंगोलात भारताचे राजदूत. वामनरावांना पद्मश्री १९९२ साली मिळाली. लिबियाबाईंना तीच पदवी जाहीर झाली ती २०२५ च्या जानेवारीत, त्यांच्या वयाच्या शंभराव्या वर्षी.