व्हायोलिनवर ओवी

व्हायोलिन म्हटलं की आपल्याला सिनेमातलं गाणं आठवतं. पण जात्यावरची ओवीसुद्धा त्यावर छान वाजते. कशी, ते आज सांगते.

पेटीवर एका सुरावरून दुसऱ्यावर उडी मारावी लागते. व्हायोलिनला चार तारा, आणि त्यांच्याखाली पडदे नाहीत. बोट तारेवरून घसरत नेता येतं. म्हणून माहेराचं नाव घेताना आपला गळा जसा हळूच खाली वळतो, तसाच सूर वळवता येतो. उजव्या हातातला गज घोड्याच्या शेपटीच्या केसांचा असतो. तो आपला श्वास समजायचा. गाणारी जिथं दम घेते, तिथंच गज उलटवायचा. अधेमधे उलटवला की शब्द तुटलाच.

प्रभाकर जोगांचं व्हायोलिन 'गाणारं व्हायोलिन' म्हणून ओळखलं गेलं. नुसत्या तारेवर गाण्याचे शब्द ऐकू यायचे. १९५५ साली पुणे आकाशवाणीवर सुरू झालेल्या गीतरामायणात ते सुधीर फडक्यांच्या साथीला होते. शब्द पाठ असल्याशिवाय असं वाजत नाही हो!

तिकडे युरोपात, बल्गेरियात, गदुल्का नावाचं गजानं वाजवायचं वाद्य आहे. तिथल्या एका लोकनाचाचा ठेका सात मात्रांचा, दोन-दोन-तीन असा. आपला रूपकही सातच मात्रांचा, फक्त तीन-दोन-दोन. तिथं वाजवणाऱ्याचं लक्ष नाचणाऱ्यांच्या पायाकडे. आपल्या ओवीत ते जात्याच्या फेऱ्याकडे हवं. वैरण घालताना हात थांबतो, ओळ लांबते. ती तशीच लांबू द्यावी. मागे तबला लावून ओवी सरळ चार मात्रांत कोंबतात, ते मला मुळीच पटत नाही.

गिरणी आली आणि जातं कोपऱ्यात गेलं. हेमा राईरकर आणि गी पॉइटवँ यांनी गावोगावच्या बायकांकडून एक लाखाहून जास्त ओव्या गोळा केल्या, म्हणून शब्द तरी राहिले. पण तुमच्या गावची चाल, कुठं थांबायचं, कुठं हेल काढायचा, हे कागदावर उतरत नाही. ते म्हाताऱ्या आयांच्या गळ्यात आहे.

तेव्हा गटातल्या कुणाची लेक व्हायोलिन शिकत असेल, तर तिला आधी आजीजवळ बसवा. आठ दिवस वाद्य पेटीतच राहू द्या. आजी म्हणेल तशी ओवी तिनं तोंडानं म्हणायची. मग आजीच्या पट्टीत तारा लावायच्या. आजीला पोरीच्या पट्टीत गायला लावू नका. आणि मोबाइलवर आजीचा आवाज आजच भरून घ्या.