बदला : लांबणीवर टाकलेल्या हिशेबाचे मोल



काही शब्द ज्या पेठेत जातात त्या पेठेचा वेष धारण करतात. 'बदला' हा त्यांपैकी एक. मराठी माणसाच्या कानावर हा शब्द पडला की त्याला सूड आठवतो. मुंबईच्या दलाल स्ट्रीटवर मात्र अनेक दशके हाच शब्द कोणताही आवेश न आणता, व्याजाच्या दराप्रमाणे उच्चारला जात असे. 'या खेपेस बदला किती?' असा प्रश्न विचारणाऱ्याच्या मनात कोणाविषयी वैर नसे. उसन्या पैशाचे मोल काय पडणार, एवढेच त्याला जाणून घ्यायचे असे.

हा शब्द मूळ अरबी. फारसीच्या वाटेने तो आपल्या भाषांत आला. बदल, बदली, अदलाबदल आणि मोबदला ही त्याचीच भावंडे. त्यांतील 'मोबदला' हा शब्द बाजारातील अर्थाच्या सर्वांत जवळचा आहे. शेअर बाजाराची बोली मुख्यतः गुजराती असल्याने तेथे 'बदला' रूढ झाला. एका मुदतीचा सौदा पुढच्या मुदतीच्या सौद्याशी बदलून घेणे आणि त्यासाठी मोबदला मोजणे, असे दोन्ही अर्थ त्या एका शब्दात सामावले.

२ जुलै २००१ पासून ही पद्धत अधिकृतपणे बंद झाली. मग बंद पडलेल्या शब्दाची चर्चा आज कशासाठी, असा प्रश्न कोणालाही पडेल. त्याचे उत्तर असे की, शब्द गेला तरी त्यामागची मानवी वृत्ती गेलेली नाही. ती आज आपल्या घरातील तरुणाच्या भ्रमणध्वनीत येऊन बसली आहे. तिचे जुने नाव आणि जुना इतिहास ठाऊक असेल, तर नव्या नावाने आल्यावरही तिला ओळखता येते.

व्यवहार कसा चाले?

एक साधे उदाहरण घेऊ. आकडे केवळ समजुतीसाठी आहेत. एका गृहस्थाने एका कंपनीचे १०० समभाग प्रत्येकी २०० रुपयांना घेतले. सौदा २०,००० रुपयांचा झाला. त्या काळी दररोज हिशेब पुरा होत नसे. ठरावीक समभागांचे सौदे साधारण पंधरवडाभर साठत आणि मुदतीच्या अखेरीस पैसे चुकते करून समभाग ताब्यात घ्यावे लागत. आपल्या गृहस्थाजवळ तेवढी रक्कम नव्हती. ती भरावी लागेल असे त्याने गृहीतही धरले नव्हते. भाव वाढेल, आपण मुदतीच्या आत विकू आणि फरक खिशात घालू, असा त्याचा अंदाज होता.

मुदत संपली तेव्हा भाव २१० झाला होता. आणखी वाढेल असे वाटल्याने त्याने विकले नाही आणि दलालाला सौदा पुढे ओढण्यास सांगितले. बाजार अशा वेळी एक 'हवाला भाव' ठरवी. तो २१० धरू. जुना सौदा त्या भावाने पुरा झाला असे मानून गृहस्थाला १,००० रुपयांचा फरक मिळाला. लगोलग तोच सौदा पुढील पंधरवड्यासाठी २१० रुपये अधिक बदल्याचे २ रुपये या भावाने नव्याने मांडला गेला.

पण ज्याने समभाग विकले त्याला तर आपले पैसे हवे होते. ते देण्यासाठी तिसरा मनुष्य पुढे येई. त्याला बदलावाला म्हणत. तो २१,००० रुपये मोजी, समभाग तारण म्हणून राहत आणि पुढील मुदतीस त्याला २१,२०० रुपये मिळत. २१,००० रुपयांवर पंधरवड्याला २०० रुपये, म्हणजे वर्षाचे २६ पंधरवडे धरले तर दर शेकडा २५ च्या आसपास पडतो. 'समभागामागे केवळ दोन रुपये' या शब्दांत सांगितलेला आकार वर्षाच्या व्याजात मांडला की केवढा दिसतो, हे लक्षात घेण्याजोगे आहे.

आता पुढच्या पंधरवड्यात भाव १८० वर आला असे समजा. २१२ ला घेतलेला समभाग १८० ला गेला. १०० समभागांवर ३,२०० रुपये भरणे आले. आधी मिळालेले हजार वजा केले तरी २,२०० रुपयांचा खड्डा पडला. हा तोटा भरून निघेल या आशेने सौदा पुन्हा पुढे ओढला, तर बदल्याचा आकार पुन्हा द्यावा लागे. भाव जागच्या जागी राहिला तरी ही गळती चालूच असे.

तेव्हा बदला म्हणजे मुळात कर्ज होते. आपल्या पेढ्यांवर दर्शनी हुंडी आणि मुदती हुंडी यांचा व्यवहार पिढ्यान्‌पिढ्या चालला. मुदती हुंडी लिहून देणाऱ्याला आपण अमुक दिवशी पैसे देणे लागतो, याचे पूर्ण भान असे. बदल्यात मात्र ऋण हे खरेदीच्या पोटात दडलेले असे. घेणारा स्वतःला गुंतवणूकदार समजे. वस्तुतः तो ऋणको असे.

बदल्याची दुसरी बाजू

न्याय्य विचार करायचा तर या पद्धतीच्या बाजूनेही काही सांगितले पाहिजे. भांडवल थोडे आणि बँकांचा हात आखडता असलेल्या काळात या पद्धतीने बाजार वाहता ठेवला. घेणाऱ्याला विकणारा आणि विकणाऱ्याला घेणारा सहज मिळे. अनेक मध्यमवर्गीय कुटुंबांची शिल्लकही दलालामार्फत बदल्यात लावली जाई. बँकेतील ठेवीपेक्षा त्यात अधिक व्याज सुटे. बदल्याचा दर हा बाजाराच्या नाडीचा ठोकाही होता. दर चढला की उसन्या पैशावर तेजी करणारे फार झाले, हे जाणत्यांना कळे.

कधी याच्या उलट घडे. हाती समभाग नसताना विकून बसलेले मंदीवाले फार झाले, की समभागांचाच तुटवडा पडे. मग मुदतवाढीसाठी विकणाऱ्यालाच पैसे मोजावे लागत. याला 'उंधा बदला' म्हणत. उंधा म्हणजे उलटा. याचे गाजलेले उदाहरण १९८२ चे. त्या वर्षी मंदीवाल्यांनी रिलायन्सचे समभाग हाती नसताना मोठ्या प्रमाणावर विकले. खरेदीदारांच्या गटाने एप्रिलअखेरीस प्रत्यक्ष समभागांची मागणी केली आणि मुदतवाढ हवी असल्यास जबर उंधा बदला मागितला. तोडगा निघेना, तेव्हा मुंबई शेअर बाजार काही दिवस बंद ठेवावा लागला. दुसऱ्यास कोंडीत पकडण्यासाठी विकणारे स्वतःच कोंडीत सापडले. त्या प्रसंगी मात्र या शब्दाचे बाजारातील आणि मराठीतील दोन्ही अर्थ एकाच वेळी खरे ठरले, असे म्हणता येईल.

इतिहासाची साक्ष

हिशेबाचा दिवस पुढे ढकलून व्यापार करण्याची हौस मुंबईला जुनीच. १८६१ मध्ये अमेरिकेत यादवी युद्ध पेटले, तेथील कापूस इंग्लंडला मिळेनासा झाला आणि मुंबईच्या कापसाला सोन्याचे मोल आले. शहरात पैशाचा पूर लोटला. नव्या नव्या बँका आणि समुद्र हटवून जमीन करणाऱ्या कंपन्या निघाल्या, त्यांचे भाग कित्येक पटींनी विकले जाऊ लागले. पुष्कळ सौदे मुदतीचे होते आणि ती मुदत होती १ जुलै १८६५. त्याआधीच एप्रिलमध्ये युद्ध संपले आणि कापूस कोसळला. १ जुलै उजाडला तेव्हा देणी भागवण्यास पैसा कोणाजवळच नव्हता. मोठमोठ्या पेढ्या बुडाल्या. बाजाराचे अध्वर्यू प्रेमचंद रायचंद यांचे वैभवही त्यात गेले. बँक ऑफ बॉम्बे डबघाईस येऊन १८६८ मध्ये गुंडाळावी लागली. या पडझडीतून सावरलेल्या दलालांनी पुढे १८७५ मध्ये आपली संघटना स्थापन केली. तोच आजचा मुंबई शेअर बाजार.

स्वातंत्र्यानंतर १९५६ मध्ये रोख्यांच्या सौद्यांचे नियमन करणारा कायदा झाला. १९६९ मध्ये सरकारने वायद्याच्या सौद्यांवर बंदी घातली. तरीही सौदा पुढे ओढण्याची रूढी निरनिराळ्या रूपांत टिकली आणि १९८३ मध्ये ठरावीक समभागांपुरते तिला मुंबई शेअर बाजाराच्या नियमांत स्थान मिळाले. १९९२ च्या रोखे घोटाळ्याने बाजार हादरला. त्यानंतर डिसेंबर १९९३ मध्ये 'सेबी'ने बदल्यावर बंदी आणली. १९९६ च्या प्रारंभी सुधारित नियमांसह तो परतला.

अखेरचा आघात मार्च २००१ चा. तंत्रज्ञान कंपन्यांच्या समभागांतील फुगवटा फुटला, कोलकाता शेअर बाजारात दलालांना देणी भागवता आली नाहीत. तेथे अनधिकृत बदल्याचे जाळे पसरलेले होते. अहमदाबादच्या माधवपुरा मर्कंटाईल सहकारी बँकेचा पैसा शेअर दलालांकडे गेल्याचे उघड झाले आणि ठेवीदारांची रांग लागली. गुजरातमधील ज्या इतर सहकारी बँकांनी तेथे ठेवी ठेवल्या होत्या, त्याही अडचणीत आल्या. या बँकेचा परवाना अखेर २०१२ मध्ये रद्द झाला. रांगेत उभ्या राहिलेल्या ठेवीदाराला बदला या शब्दाचा बाजारातील अर्थ ठाऊक असण्याचे कारण नव्हते. त्याने कधी सट्टा केला नव्हता. तरीही दुसऱ्याने पुढे ढकललेला हिशेब त्याच्या दाराशी येऊन थांबला. ही गोष्ट प्रत्येक गृहस्थाने ध्यानात ठेवावी.

नवे नाव, जुनी वृत्ती

बदल्याच्या जागी वायदा आणि पर्याय यांचे, म्हणजे फ्युचर्स आणि ऑप्शन्सचे सौदे आले. निर्देशांकाचे वायदे जून २००० मध्येच सुरू झाले होते. समभागांचे वायदे नोव्हेंबर २००१ मध्ये आले. हे नवे साधन अनेक दृष्टींनी अधिक शिस्तीचे आहे. त्यात मुदत आधी ठरलेली असते, अनामत आधी घेतली जाते, रोजच्या रोज फरकाचा हिशेब होतो. समभागांच्या रोख सौद्यांची पूर्तता तर जानेवारी २०२३ पासून दुसऱ्याच कामकाजाच्या दिवशी होऊ लागली. या सुधारणांचे श्रेय नियामकांना दिलेच पाहिजे.

पण नियम सुधारले म्हणून माणसाचा मोह सुधारतो, असे नाही. पूर्वी दलालाकडे जावे लागे, त्याच्याजवळ पत लागे, चार लोकांत नाव लागे. आज अंगठ्याच्या एका स्पर्शाने सौदा होतो. मुदत संपत आली की वायदा पुढच्या महिन्यात नेता येतो. त्याला 'रोलओव्हर' म्हणतात. दलालाच्या पैशाने समभाग घेऊन त्यावर व्याज भरण्याची सोयही आहे. तिला 'मार्जिन ट्रेडिंग' म्हणतात. नावे इंग्रजी, पडदा झगझगीत. गाभ्याशी मात्र थोड्या पैशात मोठा सौदा पेलण्याची तीच आकांक्षा.

तिचा परिणाम काय झाला? 'सेबी'ने सप्टेंबर २०२४ मध्ये प्रसिद्ध केलेल्या अभ्यासानुसार, २०२१-२२ ते २०२३-२४ या तीन आर्थिक वर्षांत वायदे व पर्यायांचे सौदे करणाऱ्या एक कोटीहून अधिक व्यक्तींपैकी ९३ टक्के व्यक्ती तोट्यात गेल्या. तोटा झालेल्यांचा सरासरी तोटा खर्चासह सुमारे दोन लाख रुपये, आणि व्यक्तिगत सौदेकऱ्यांचा एकूण तोटा १.८ लाख कोटी रुपयांहून अधिक. २०२३-२४ मध्ये अशा सौदेकऱ्यांपैकी ४३ टक्के तिशीच्या आतील होते. तीन चतुर्थांशांहून अधिक लोकांनी आपले वार्षिक उत्पन्न पाच लाखांहून कमी असल्याचे नोंदवले होते. हे कोणी धनाढ्य सटोडिये नव्हेत. ही आपल्याच वस्तीतील मुले आहेत. त्यांतील कित्येकांच्या तोट्याची वार्ता घरी आईवडिलांनाही नसेल.

शेअर बाजार हा जुगाराचा अड्डा आहे, त्याकडे फिरकूच नये, असा उपदेश येथे अभिप्रेत नाही. उद्योगाला भांडवल लागते आणि ते समाजाच्या बचतीतूनच यावे. स्वतःच्या शिलकीतून चांगल्या कंपनीचे समभाग घेणारा आणि ते वर्षानुवर्षे सांभाळणारा मनुष्य देशाच्या उद्योगात भागीदार होतो. बदल्याच्या शंभर वर्षांहून जुन्या कहाणीतून त्याने एवढेच शिकावे की, कोणत्याही सौद्याला हात घालण्यापूर्वी स्वतःला तीन प्रश्न विचारावेत. या सौद्यातील पैसा माझा किती आणि दुसऱ्याचा किती? दुसऱ्याच्या पैशाचे वार्षिक व्याज शेकडा किती पडते? आणि हिशेब आजच संध्याकाळी चुकता करण्याची पाळी आली, तर घरातील कशाला हात लावावा लागेल?

अंथरूण पाहून पाय पसरावेत, ही शिकवण आपल्या घरांत पिढ्यान्‌पिढ्या दिली गेली. ती किराण्याच्या वहीला लागू आहे, तशीच समभागांच्या खात्यालाही लागू आहे. घरातील कर्त्या माणसांनी आज रात्री जेवणानंतर मुलांशी या विषयावर शांतपणे, दोष न देता बोलावे. तोटा झालेला असेल तर तो सांगण्यास मुलाला भय वाटू नये, असे ते बोलणे असावे. तोटा आज कळला तर तो तोटाच राहतो. तो लपवून पुढे ढकलला, तर त्यावर व्याज चढत जाते. बाजारातील जुन्या जाणत्यांनी त्या व्याजालाच 'बदला' असे नाव दिले होते.