उडते बेट आणि चार बुरूज



आज आम्ही आपल्यापुढे एका युद्धाची हकीकत ठेवणार आहोत. हे युद्ध कधी झालेले नाही. ते जोनाथन स्विफ्ट या आयरिश धर्मोपदेशकाच्या कल्पनेत झाले. तरीही त्यातून राजसत्तेचे जे मर्म कळते, ते खऱ्या युद्धांच्या पुष्कळ इतिहासांतून कळत नाही, असे आम्हांस वाटते.

गलिव्हरचा प्रवास आपण सर्वांनी लहानपणी ऐकलेला आहे. पण बोटभर उंचीची माणसे आणि ताडमाड राक्षस यांच्यापाशीच आपली आठवण बहुधा थांबते. 1726 साली निघालेल्या त्या पुस्तकाच्या तिसऱ्या भागात लापुटा नावाचे एक उडते बेट आहे. ते अगदी वाटोळे असून त्याचा व्यास सुमारे साडेचार मैल आहे. तळाशी वज्रासारख्या कठीण दगडाची एकसंध शिळा आणि पोटात सहा यार्ड लांबीचा प्रचंड लोहचुंबक. चुंबकाचे एक टोक जमिनीकडे ओढते, दुसरे तिच्यापासून दूर लोटते. टोक फिरवावे तसे बेट चढते, उतरते, आडवे सरकते. वर राजा आणि त्याचे दरबारी राहतात. गणितात आणि संगीतात ते इतके गढलेले असतात की, त्यांना भानावर आणण्यासाठी नोकरांना त्यांच्या तोंडाकानांवर हलकी चापटी मारावी लागते. खाली बाल्निबार्बी हा त्यांचा मुलूख. खालच्या प्रजेने आपले अर्ज वरून सोडलेल्या दोऱ्यांना बांधायचे आणि ते वर ओढून घेतले जायचे, अशी तेथली दाद मागण्याची रीत!

एखादे शहर कर देईना, बंड करू लागले, तर राजा काय करतो? बेट त्या शहरावर आणून उभे करतो. ऊन बंद, पाऊस बंद. तेवढ्याने भागले नाही तर वरून मोठमोठे धोंडे टाकतो. आणि शेवटचा उपाय म्हणजे सबंध बेटच शहरावर उतरवून घरेमाणसे चिरडून टाकणे.

लिंडालिनो या शहराने हे सारे पाहिले होते. तरीही जुलूम असह्य झाल्यावर तेथील लोकांनी सुभेदाराला कैद केले आणि शहराच्या चार कोपऱ्यांवर चार उंच बुरूज बांधले. प्रत्येक बुरुजाच्या माथ्यावर एकेक मोठा लोहचुंबक बसवला. जळणाचाही मोठा साठा केला; चुंबकांनी काम साधले नाही, तर बेटाचा तळ आगीने तडकवावा हा हेतू. मग राजाचे बेट डोक्यावर येऊन उभे राहिले. पण शहरात धान्य भरलेले होते, मधून मोठी नदी वाहत होती आणि लोकांमध्ये फूट नव्हती. राजाने अर्जांसाठी दोऱ्या सोडल्या. लोकांनी विनवणी न करता मागण्या पाठवल्या. आपला सुभेदार आपण निवडू, ही त्यांतलीच एक. धोंडे पडू लागले तेव्हा माणसे बुरुजांत आणि तळघरांत जाऊन बसली.

शेवटी बेट खाली उतरू लागले. तेव्हा ते नेहमीपेक्षा वेगाने खाली ओढले जाते आहे, असे अधिकाऱ्यांच्या ध्यानात आले. एका जुन्या जाणत्या अधिकाऱ्याने तळशिळेच्या जातीचा एक तुकडा दोरीला बांधून बुरुजावर सोडला. तो इतक्या जोराने खेचला गेला की, परत ओढता ओढता त्याची पुरेवाट झाली. आणखी थोडे उतरलो तर पुन्हा वर जाणे नाही, हे राजाला कळून चुकले. त्याने शहराच्या अटी मान्य केल्या.

आकाशातले नगर आपल्याला नवे नाही. महाभारताच्या वनपर्वात शाल्वराजा सौभ नावाच्या आकाशगामी नगरात बसून द्वारकेवर चालून येतो. श्रीकृष्णाचे सुदर्शन ते नगर पाडते. तेथे अवतारी पुरुष धावून आला. लिंडालिनोत कोणी धावून येत नाही. तेथे शहरच आपल्या हिकमतीने आणि एकीने उभे राहते.

ही हिकमत स्विफ्टला सुचली ती डोळ्यांदेखत घडलेल्या गोष्टीवरून. 1722 साली विल्यम वुड या इंग्रज व्यापाऱ्याला आयर्लंडसाठी एक लाख आठशे पौंडांपर्यंतची तांब्याची नाणी पाडण्याची सनद मिळाली. आयर्लंडच्या पार्लमेंटला कोणी विचारलेही नव्हते. डब्लिनच्या सेंट पॅट्रिक चर्चचा मुख्य असलेल्या स्विफ्टने 1724 साली एका कापडदुकानदाराच्या नावाने पत्रे लिहिली. त्यांचे सांगणे एवढेच, की हे नाणे हातात घेऊ नका. लेखक पकडून देणाऱ्याला सरकारने तीनशे पौंडांचे बक्षीस लावले. लेखक कोण हे डब्लिनमध्ये सर्वांना ठाऊक होते. बक्षीस मात्र कोणी मागितले नाही. 1725 साली सनद मागे घेण्यात आली. लिंडालिनो या नावात 'लिन' दोनदा येते. दोनदा म्हणजे डबल. तेव्हा हे शहर कोणते, ते सांगायला नको.

बंडाचे हे पाच परिच्छेद पहिल्या आवृत्तीत नव्हते, 1735 च्या डब्लिनच्या आवृत्तीतही नव्हते. स्विफ्टच्या एका मित्राच्या प्रतीत ते हाताने लिहिलेले होते. ते छापले गेले 1899 साली. वरच्या बेटाची भीती छापखान्यापर्यंत कशी पोचते, याचे हे उदाहरण म्हणावे लागेल.

आपल्यापैकी कोणी म्हणेल, हे कल्पनेत ठीक आहे. विसाव्या शतकात विमानांनी शहरेच्या शहरे जाळली, तेथे कोणते बुरूज उपयोगी पडले? हा आक्षेप खरा आहे. त्याचे उत्तरही स्विफ्टच्याच कथेत आहे. त्याच्या राजाला शेवटचा उपाय सहसा करवत नाही, कारण प्रधानांच्या जमिनी खालीच आहेत, आणि शहरातल्या उंच खडकांवर आपटून बेटाचा तळ फुटण्याची भीती आहे. शिवाय बेट तरंगते ते खालच्याच भूमीतल्या खनिजाच्या बळावर. त्या मुलखाची हद्द ओलांडून त्याला जाताच येत नाही. वर बसलेल्याचे खाली काही गुंतलेले असते, तोवर त्याच्या हाताला आवर असतो. ज्याचे खाली काहीच नाही, तो धोंडा टाकताना कचरत नाही. विमानातून बॉम्ब टाकणाऱ्याचे त्या शहरात घर नसते.

म्हणून राज्यकारभार पाहणारे आपल्यातच राहतात का, त्यांची मुले आपल्याच शाळांत शिकतात का, आपल्याच नळाचे पाणी ते पितात का, हे नागरिकांनी नेहमी पाहत राहिले पाहिजे. आपण ते पाहत राहिलो, तर बुरूज बांधण्याची वेळ सहसा येणार नाही. आणि आलीच, तर बेटाला उचलून धरणारा चुंबक आपल्याच जमिनीत आहे, हे लिंडालिनोच्या लोकांप्रमाणे आपणही ध्यानात ठेवू.